अर्ध्या गोष्टीतला राजा

शुवैख, कुवैत
६ नोव्हेंबर १९७८

श्री. लक्ष्मीकांत दाते यांस,

वर 'काका' लिहिलं होतं, ते खोडून पुन्हा नवा कागद घेतला. दोनदा फोन केला. दोन्ही वेळा माझं नाव ऐकल्यावर तुम्ही रिसीव्हर आपटलात. कागद आपटला तरी आवाज होत नाही, म्हणून आता लिहितोय.

मी जयप्रकाश साळवी, तुमच्या सुरेशचा मित्र. पुण्याला तुमच्या घरी शामलाकाकूंच्या हातचं पोटभर जेवलेला. आणि गेल्या वर्षी सुरेशनं रबियाशी रजिस्टर लग्न केलं तेव्हा साक्षीदार म्हणून सही करणाराही मीच. तुम्ही इथून विमानानं आलात, पोटच्या मुलाला घराबाहेर काढलंत आणि मला जिन्यात गाठून म्हणालात, "तुझ्यासारख्याला माझ्या घरात पाणीसुद्धा मिळणार नाही." मग तुमच्या मुलीचं, सुचित्राचं, कॉलेज सोडवून तिला आणि काकूंना इकडे घेऊन आलात. सही केली त्याचं मला दुःख नाही. उद्या पुन्हा कुणी बोलावलं तर पुन्हा करीन.

आता मीही कुवैतला आलोय. शुवैखला मोटारींच्या सुट्या भागांच्या गोदामात काम करतो. आणि आडपडदा न ठेवता सांगतो, मला सुचित्राशी लग्न करायचं आहे.

कागद चुरगाळू नका. एक गोष्ट ऐका.

आमच्या कॉलेजात चारुशीलाबाई मध्ययुगीन युरोप शिकवायच्या. रोम कोसळल्यावर जर्मन टोळ्यांनी जागोजाग राज्यं मांडली, त्यांतले एक लोम्बार्ड. त्यांचा राजपुत्र अल्बोइन. त्यानं लढाईत शेजारच्या गेपिड राजाचा, थुरिसिंदाचा, मुलगा मारला. विजय झाला, मेजवानी झाली, पण बापानं अल्बोइनला शेजारी बसू दिलं नाही. म्हणाला, आपल्यात रीत आहे. परक्या राजानं हातात शस्त्र दिल्याखेरीज राजपुत्र बापाबरोबर जेवत नाही. आता हा पठ्ठ्या शस्त्र मागायला कुणाकडे गेला? थेट थुरिसिंदाकडे! ज्याचा मुलगा मारला त्याच्याच घरी! आणि त्या म्हाताऱ्यानं त्याला मेलेल्या मुलाच्या जागेवर बसवून जेवू घातलं, आणि त्याच मुलाची शस्त्रं देऊन धडधाकट परत पाठवलं.

बाईंनी शुक्रवारी तासाला एवढं सांगितलं. पुढचं सोमवारी सांगणार होत्या. सोमवारी मी सुरेशबरोबर रजिस्ट्रारच्या कचेरीत होतो, आणि मग कॉलेजच सुटलं.

मी चिपळूणला घरी गेलो तर आमच्या अण्णांनी माझ्यापुढचं ताट उचललं. म्हणाले, "घरातले सगळे तुला हुशार म्हणतात रे. एखाद्या परक्याला म्हणू दे, मग बस माझ्या पंगतीला." हरिश्चंद्र साळवींनी लोम्बार्डांचं नावही ऐकलेलं नाही, पण रीत तीच.

तेव्हा माझी मागणी एवढीच. एका शुक्रवारी मला जेवायला बोलवा. सुरेशच्या जागेवर बसवा. बघा, बोला, भांडा. मग हो की नाही ते ठरवा. तुमच्यात तेवढी छाती आहे का, एवढंच मला बघायचंय.

जयप्रकाश साळवी


फिंतास, कुवैत
१४ नोव्हेंबर १९७८

श्री. जयप्रकाश साळवी यांस,

संदर्भ: आपले दि. ६ चे पत्र.

पत्र पोचले. फाईलला लावले आहे.

आपण माझ्या छातीची परीक्षा घेऊ इच्छिता. ज्याला स्वतःची बी.ए.ची परीक्षा देता आली नाही त्याने इतरांच्या घेऊ नयेत. मी तेल कंपनीत बावीस वर्षे काढली आहेत. अर्धवट वाचलेल्या नकाशावर विहीर खणली की काय होते हे मी पाहिले आहे. आपण अर्धवट वाचलेल्या पुस्तकावर संसार मांडायला निघाला आहात.

सुरेशचे नाव या घरात घेतले जात नाही. त्याची जागा रिकामी नाही, ती जागाच आता नाही. सौ. शामला यांना आपल्या पत्राबद्दल सांगितलेले नाही आणि सांगणार नाही.

चि. सुचित्राचे बाहेरून बी.ए. चालू आहे, एप्रिलमध्ये परीक्षा आहे. नाशिकचे एक स्थळ पाहण्यात आहे. श्री. विजयकुमार, केमिकल इंजिनिअर, निर्व्यसनी, स्वभावाने शांत. आपल्याशी तुलना करावी असे नव्हे, वस्तुस्थिती कळवली.

त्या कुणा राजाच्या घरी त्याचे शत्रू जेवत असतील. माझ्या घरी ओळखीची आणि विश्वासाची माणसे जेवतात. हा पत्रव्यवहार येथे संपला.

ल. गो. दाते


शुवैख
१९ नोव्हेंबर १९७८

श्री. दाते,

संपवणारे तुम्ही कोण? पत्र मी सुरू केलं.

मला ठाऊक होतं, तुम्हाला थुरिसिंद व्हायचं जमणार नाही. त्यासाठी राजा असावं लागतं. तुम्ही फार तर त्याचे हेडक्लार्क. फाईलला लावलं म्हणे!

गोदामात माझ्या शेजारी यूसुफ बसतो, रत्नागिरीचा. त्याला तुमचं पत्र वाचून दाखवलं. म्हणाला, "म्हाताऱ्यानं एवढं शुद्ध लिहिलंय म्हणजे भडकलाय. भडकला म्हणजे घाबरलाय." घाबरा. घाबरायलाच हवं.

आणखी एक ऐका, म्हणजे तुमच्या फाईलला वजन येईल. स्पेनमध्ये गॉथांचं राज्य होतं. तिथं कायदा होता, गॉथानं रोमनाशी लग्न करायचं नाही, केलं तर देहदंड. गॉथांचा कायदा वेगळा, रोमनांचा वेगळा, देव मानायची तऱ्हा वेगळी. आणि लोक काय करत होते? लग्नं! शेवटी लिओविगिल्ड नावाच्या राजानं तो कायदाच खोडून टाकला, कारण तो पाळायला माणूस उरला नव्हता. चौदाशे वर्षं झाली या गोष्टीला. तुम्ही अजून देहदंडावरच आहात. सुरेशला तर तुम्ही जिवंतपणी मारून मोकळे झालात.

ते शांत स्वभावाचे केमिकल इंजिनिअर खुशाल येऊ देत. मीही येतोय. शुक्रवारी, २४ तारखेला, दुपारी. तुम्ही बोलावलं नाहीत तरी येणार. अल्बोइनला तरी कुठं आमंत्रण होतं?

आणि माझ्या पोटात एक गोष्ट आहे. सुरेशनं शपथ घालून सांगितलेली. ती ओठांवर आणायची वेळ माझ्यावर आणू नका. आणलीत तर तुमची फाईल कोलमडेल.

जयप्रकाश


फिंतास
२७ नोव्हेंबर १९७८

श्री. जयप्रकाश साळवी यांस,

शुक्रवारी जे घडले त्याची नोंद राहावी म्हणून लिहितो. तुमच्या डोक्यात ते एव्हाना वेगळ्या रूपात साठले असेल.

आम्ही जेवायला बसलो होतो. श्री. विजयकुमार पाहुणे होते. तुम्ही बेल दाबून धरलीत. मी दार उघडले. तुमच्या सदऱ्यावर ऑईलचे डाग होते. श्री. विजयकुमार मागून म्हणाले, "दातेसाहेब, गोदामातून पार्सल आलंय वाटतं." ते बोलणे बरे नव्हते. तरी त्यावर उत्तर म्हणून पाहुण्याचा ओठ फोडतात हे मी प्रथमच पाहिले. बिल्डिंगचा राखणदार अब्बास वर धावत आला. श्री. विजयकुमार पोलिसांना फोन करायला निघाले. मी मध्ये उभा राहिलो, फोनवर हात ठेवला आणि म्हणालो, माझ्या दारातून कुणी पोलिसांकडे जाणार नाही.

याचा तुम्ही भलता अर्थ काढाल म्हणून खुलासा. तुमचा इकामा, म्हणजे येथे राहण्याचा परवाना, अजून दोन महिन्यांचाही जुना नाही. पोलीस आले असते तर तुम्हाला पुढच्या विमानाने हाकलले असते. मग महाराष्ट्र मंडळात वर्षभर हाच विषय. तो मला नको होता. मी कुणी थुरिसिंद नाही.

मी तुमचा जीव वाचवत असताना तुम्ही काय केलेत? माझ्या खांद्यावरून आत ओरडलात, "शामलाकाकू, तुम्हाला नात झालीय! चार महिन्यांची! यांनी तुम्हाला कधी कळूच दिलं नसतं!"

मला ते माहीत नव्हते. मी काही लपवत नव्हतो. सौ. शामला यांच्या हातात आमटीचे पातेले होते. ते त्यांनी टेबलावर ठेवले आणि खोलीत गेल्या. अद्याप माझ्याशी बोललेल्या नाहीत.

आता तुमच्या राजाविषयी.

शनिवारी मी सुचित्राच्या कपाटातले युरोपच्या इतिहासाचे पुस्तक घेतले. तुमचे सोमवारचे बुडालेले लेक्चर मी पूर्ण करतो. मन लावून वाचा.

थुरिसिंद वारला. त्याचा दुसरा मुलगा कुनिमुंद राजा झाला. त्याच पंगतीत बसलेला. त्याच्यावर तुमचा अल्बोइन चालून गेला, त्याला ठार केले आणि त्याच्या कवटीचा पेला करवून घेतला. म्हणजे ज्या घरचे अन्न खाल्ले त्या घराची कवटी. मग कुनिमुंदाच्या मुलीशी, रोझामुंदाशी, जबरदस्तीने लग्न केले. पुढे इटली जिंकल्यावर एका मेजवानीत दारूच्या नशेत तो पेला तिच्यापुढे धरून म्हणाला, घे, बापाबरोबर पी.

तिने त्याला मारवले. दुपारी तो झोपला असताना त्याची तलवार तिने पलंगाला घट्ट बांधून ठेवली. मारेकरी आले तेव्हा ती उपसेना. जर्मन टोळ्यांतला सर्वांत शूर राजा पाय ठेवायचे स्टूल घेऊन लढला आणि स्टूल हातात असतानाच मेला.

हा तुमचा आदर्श. याच्या नावाने तुम्ही माझी मुलगी मागायला आलात. आणि त्याच्यासारखेच वागलात. अजून जेवायला बसलाही नव्हतात, तेवढ्यात माझ्या बायकोपुढे पेला धरलात.

जयप्रकाश, तू गोष्ट अर्धी ऐकलीस, कॉलेज अर्धे केलेस, मित्राची शपथ अर्धी पाळलीस. माझ्या मुलीचा संसार तू कुठवर करशील?

त्या बाळाचे नाव काय ते कळवावे.

ल. गो. दाते


शुवैख
३० नोव्हेंबर १९७८

श्री. दाते,

पुढची गोष्ट मला माहीत नव्हती.

दोन दिवस तुमचं पत्र खिशात घेऊन फिरलो. यूसुफनं विचारलं, "काय म्हणतो म्हातारा?" मी म्हटलं, माझा राजा मेला. तो म्हणाला, "कसा?" म्हटलं, स्टुलानं लढता लढता. यूसुफ हसत सुटला. पहिल्यांदाच त्याच्या तोंडात मारावीशी वाटली.

पण तुम्ही जिंकलात असं समजू नका. थुरिसिंद तुम्ही नाहीच, हे तुम्हीच लिहून दिलंत. त्याच्या पंगतीत तलवारींवर हात गेले तेव्हा तो मध्ये उभा राहिला, कारण पाहुण्याचं रक्त आपल्या घरात सांडणं त्याला पाप वाटलं. तुम्ही उभे राहिलात मंडळात चर्चा होईल म्हणून! माझा आदर्श खोटा निघाला, मान्य. तुमच्याकडे तर कुठला आदर्शच नाही, आहे फक्त कार्बन पेपर.

आणि तो विजयकुमार पुन्हा मला पार्सल म्हणाला, तर मी पुन्हा तेच करीन.

बाळाचं नाव मी सांगणार नाही. ते सांगायचं काम माझं नव्हतं, आणि जे सांगितलं ते तरी कुठं माझं होतं! आजोबांना नातीचं नाव हवं असेल तर त्यांनी तिच्या बापाला विचारावं. पत्ता मागं लिहिलाय. कोथरूडला दोन खोल्या घेतल्यात त्यांनी.

सुचित्राबद्दलची मागणी मी मागं घेतलेली नाही.

जयप्रकाश


फिंतास
९ डिसेंबर १९७८

जयप्रकाश,

बाबांनी काल ती फाईल माझ्यापुढं टाकली. "वाच तुझ्या राजाचे प्रताप," म्हणाले. तुझी पत्रं आणि त्यांच्या पत्रांच्या प्रती, तारखेप्रमाणे लावलेल्या. वाचली. तुझेच नाही, दोघांचेही प्रताप वाचले.

महिनाभर तुम्ही दोघं माझ्यावरून भांडताय. टपालाच्या पेटीतून. मी याच घरात, बाबांच्या टेबलापासून चार पावलांवर बसून त्याच लोम्बार्डांचा अभ्यास करत होते. परीक्षेला तेच आहेत मला. दोघांपैकी एकालाही वाटलं नाही की हिला विचारावं. तू लिहितोस 'मला सुचित्राशी लग्न करायचं आहे'. बाबा लिहितात 'स्थळ पाहण्यात आहे'. पाहतंय कोण, करतंय कोण, आणि मी कुठं?

त्या मेजवानीचं वर्णन मीही वाचलंय. कोण कुठं बसलं, कोण कुणाला काय बोललं, कुणाच्या पायाला पांढऱ्या पट्ट्या होत्या, सगळं लिहून ठेवलंय. कुनिमुंद टोमणा मारतो, लोम्बार्ड उलट टोमणा मारतात, तलवारीवर हात जातात. त्या घरात बायका असतीलच ना रे? स्वयंपाक कुणी केला? ज्या आईचा मुलगा मेला, ती त्या दिवशी कुठं होती? एक ओळ नाही. तुम्ही दोघांनी ती गोष्ट एकमेकांना सांगितली, तेव्हाही ती कुठं असेल असं तुमच्या मनात आलं नाही. म्हणून आईच्या हातात पातेलं असताना तुला ओरडता आलं.

मला तुझा खरा राग त्याचाच आहे. विजयकुमारचा ओठ फुटला त्याचा नाही. त्याला मी आधीच 'नाही' सांगणार होते, आता सांगितलं. उलट सुटल्यासारखा हसला, त्याचंही नाशिकला कुणीतरी आहे. पण दादानं ती बातमी फक्त तुला दिली होती. कुणालाही नाही, मलासुद्धा नाही. आईला बरं वाटेल अशा पद्धतीनं, स्वतः सांगायची होती त्याला. तुझ्यापाशी विश्वासानं ठेवली, आणि तू ती बाबांना फेकून मारलीस. लागली आईला. आपल्याला नात झालीय हे तिला एका परक्या माणसासमोर, भांडणात, दारातून ओरडून कळलं.

आई दोन आठवडे बोलत नव्हती. परवा बोलली. "मी पुण्याला चाललेय," एवढंच म्हणाली. बाबा म्हणाले, "माझी परवानगी?" आई म्हणाली, "सूनबाईंची मागते." मीही तिच्याबरोबर जातेय.

तू मला काही विचारलेलं नाहीस, म्हणून मीही उत्तर देत नाही.

सुचित्रा


शुवैख
१२ डिसेंबर १९७८

सुचित्रा,

तू म्हणतेस ते सगळं खरं असलं तरी तुझं बोलणं अन्यायाचं आहे! तुला विचारायचं म्हणजे कसं? फोन तुझे बाबा उचलतात. पत्र त्यांच्या पेटीत पडतं. खिडकीखाली उभं राहावं तर अब्बास हाकलतो. पुण्यात दोन वर्षं तुमच्या गच्चीवर तुला गॉथ, व्हॅंडाल आणि फ्रॅंक सांगत बसलो, ते काय मला त्या लोकांचं प्रेम होतं म्हणून? अर्ध्या लढाया तर मी मनानं रचल्या, तू आणखी थोडा वेळ बसावंस म्हणून. तुला कळलं नाही असं म्हणू नकोस. तुला सगळं कळतं.

बरं. भांडण बाजूला.

सुरेशला मी पत्र टाकलंय. जे केलं ते त्याला माझ्याच तोंडून कळावं म्हणून. काही सारवासारव केलेली नाही. तो शिव्या घालील. घालू दे.

काकूंची माफी मागायची आहे. ती पत्रानं मागत नाही, समोर आलो की मागीन. समोर उभं केलं तर.

आणि हे आता विचारतो. कुणाचा दाखला देत नाही, राजाबिजा कुणी मध्ये नाही. मी गोदामात कामाला आहे, डोकं लवकर फिरतं, बी.ए. झालेलं नाही. माझ्याशी लग्न करशील का?

जयप्रकाश


पुणे
२ जानेवारी १९७९

जयप्रकाश,

तुझं पत्र निघायच्या आदल्या दिवशी हातात पडलं. बाबांनी न फोडता दिलं, त्याबद्दल त्यांचे आभार मानले तर म्हणाले, "नाव तुझं होतं."

त्यांनी आम्हाला विमानतळावर सोडलं, पण गाडीतून उतरले नाहीत. आम्ही इथं पोचल्यावर चार दिवसांनी दादाला त्यांचं पत्र आलं. वरती 'विषय: आपली कन्या'. दादा इतका हसला, इतका हसला, की रबियावहिनीनं त्याच्या हातातून कागद काढून घेतला तेव्हा तो भिजलेला होता. बाळाचं नाव नूतन ठेवलंय. आई तिला दिवसभर खाली ठेवत नाही. वहिनी म्हणते, "अम्मी, मला पण द्या थोडी."

दादानं तुला शिव्या घातल्याच असतील. पण त्यानं तुझं पत्र आम्हा सगळ्यांना मोठ्यानं वाचून दाखवलं. आई ऐकत होती. मग नूतनला घेऊन आत गेली.

आता तुझा प्रश्न. तू सरळ विचारलंस, म्हणून मीही सरळ सांगते. नाही.

रागानं म्हणत नाहीये. राग होता तो पहिल्या पत्रात संपला. गच्चीवरचं मला कळत होतं, आणि तू लढाया मनानं रचतोस हेही कळत होतं. मीही बसून राहायचे. ते खोटं नव्हतं. पण तू मला मागितलंस ते आधी माझ्याकडे नाही, बाबांकडे. मी मोजत बसले नाही, तरी तुझी पत्रं वाचताना सारखं वाटत होतं की हा माणूस माझ्याबद्दल काहीच लिहीत नाहीये. मला काय आवडतं, मी काय करणार आहे, मला तिकडे कोंडल्यासारखं होतंय का, एक ओळ नाही. सगळ्या ओळी बाबांसाठी, धार लावलेल्या. तुला प्रेम करायला आधी समोर एक शत्रू लागतो, जयप्रकाश. उद्या बाबा हो म्हणाले असते तर तू कुणाशी लढला असतास? बहुतेक माझ्याशी.

मी परीक्षा देईन, मग इथंच एम.ए. करीन. बाबांना कळवलंय.

मला यापुढं लिहू नकोस.

सुचित्रा


शुवैख
१५ जानेवारी १९७९

सुचित्रा,

लिहू नकोस म्हणालीस, तरी हे एकच.

'तुझं साफ चुकतंय' म्हणून सुरुवात केली होती. दोन पानं भरली, भराभरा. प्रत्येक वाक्याला माझ्याकडे उत्तर होतं. यूसुफ शेजारी बसून खुबूसची रोटी खात होता. म्हणाला, "कुणाला एवढं दाबून लिहितोयस? म्हाताऱ्याला?" मी म्हटलं, नाही, तिला. त्यानं एकदा माझ्या तोंडाकडे बघितलं आणि पुन्हा खायला लागला.

ती पानं पाठवत नाही.

तुझं 'नाही' मला पोचलं.

जयप्रकाश